पोलिसांच्या वहीत चारित्र्य मावत नाही

मुलीचा पीसीसी, म्हणजे पोलीस क्लिअरन्स सर्टिफिकेट, हातात आला त्या संध्याकाळी शेजारच्या काकूंनी तो देव्हाऱ्यात ठेवला आणि त्याला हळदीकुंकू वाहिलं. मुलगी परिचारिका, इंग्लंडमधल्या एका रुग्णालयात नोकरी लागलेली. काका जिन्यात भेटले तेव्हा म्हणाले, "आता सरकारनंच लिहून दिलंय, पोरीचं चारित्र्य स्वच्छ आहे म्हणून." त्याच जिन्याच्या वरच्या मजल्यावर एक तरुण कुवेतच्या नोकरीवर पाणी सोडून बसला होता. लॉकडाऊनमध्ये तो पाय मोकळे करायला बाहेर पडला, पोलिसांनी अडवलं आणि भारतीय दंड संहितेच्या कलम १८८ खाली गुन्हा नोंदला. "आपलं नाव पोलिसांत लागलंय, आपल्याला कोण दाखला देणार?" असं म्हणत त्याने अर्जच केला नाही. नकार त्याला दुसऱ्या कुणी दिला नव्हता, त्याने स्वतःच तो घेतला होता.

देव्हाऱ्यातला कागद आणि न केलेला अर्ज ही एकाच समजुतीची दोन लेकरं. पोलीस क्लिअरन्स सर्टिफिकेट म्हणजे चारित्र्याचा दाखला, ही ती समजूत. एजंट तीच सांगतात, लग्नाच्या बोलणीत तीच निघते, आणि चांगली शिकलेली माणसंही ती निःशंकपणे बोलून दाखवतात. तिचं खंडन करायचं आहे. पण आपल्याकडच्या वादाची जुनी रीत अशी की आधी पूर्वपक्ष मांडावा, आणि तो त्याच्या कैवाऱ्यालाही मान्य होईल असा मांडावा.

पूर्वपक्ष असा. पोलीस उगाच काही लिहून देत नाहीत. हद्दीत कोण काय करतो याची खबर ठाण्याला असते. परदेशी सरकारला आपल्या दारात येणारा माणूस कसा आहे हे कळायला दुसरा मार्ग नाही, म्हणून ते त्याच्या मायदेशाला विचारतं आणि मायदेश हमी देतो. ज्याला ही हमी मिळाली तो सज्जन ठरला. ज्याचं नाव एकदा वहीत चढलं त्याने परदेशाचा नाद सोडावा, किंवा ते नाव कुठे दिसणार नाही अशी काही 'व्यवस्था' करावी. महाराष्ट्रात या समजुतीला भाषेचंही पाठबळ आहे. सुरक्षारक्षकाच्या किंवा खासगी कंपनीतल्या नोकरीसाठी पोलीस आयुक्तालय वा अधीक्षक कार्यालय जो कागद देतं त्याचं नावच 'चारित्र्य पडताळणी प्रमाणपत्र'. जुनी माणसं त्याला 'वर्तणुकीचा दाखला' म्हणतात. मग परदेशासाठीचा पीसीसीही त्याच नावाने ओळखला जातो यात नवल काय?

या मांडणीत तथ्य अजिबात नाही असं नाही. पण तिचा पाया ज्या कागदावर आहे, तो कागद तिच्या कैवाऱ्यांनी नीट वाचलेला नाही.

परदेशासाठीचा पीसीसी परराष्ट्र मंत्रालयाच्या अखत्यारीतलं पासपोर्ट कार्यालय देतं. फी ५०० रुपये. आधीची पडताळणी चोख असेल तर काही वेळा तो त्याच दिवशी हातात पडतो, नाहीतर प्रकरण ठाण्यातून फिरून येतं. त्यावर धारकाचं नाव, पासपोर्टचा क्रमांक, तो कुठे आणि कधी दिला हे असतं. पुढे एकच वाक्य. त्याचा मथितार्थ असा की अमुक देशाच्या व्हिसासह प्रवासाच्या सवलती मिळायला ही व्यक्ती अपात्र ठरेल अशी कोणतीही प्रतिकूल माहिती तिच्याविरुद्ध नाही. संपलं. सज्जन, प्रामाणिक, सुशील यांपैकी एकही शब्द त्यात नाही. काकूंनी देव्हाऱ्यात ठेवलेल्या कागदावर मुलीबद्दल एकही विशेषण नव्हतं.

'प्रतिकूल माहिती नाही' आणि 'चारित्र्य चांगलं आहे' यांतलं अंतर आपल्या शास्त्रकारांनी फार पूर्वी मोजून ठेवलं आहे. भाट्ट मीमांसक आणि अद्वैत वेदान्ती 'अनुपलब्धि' हे स्वतंत्र प्रमाण मानतात. जमिनीवर घट दिसत नाही, म्हणून तिथे घट नाही हे ज्ञान. पण ते त्याला एक अट घालतात. असता तर दिसलाच असता, अशी परिस्थिती हवी. भर उजेडात घट दिसला नाही तर तो नाही. अंधारात दिसला नाही तर त्यातून काहीच सिद्ध होत नाही. पीसीसी हे असं अनुपलब्धीचं विधान आहे. आम्ही शोधलं, आम्हाला आढळलं नाही. मग विचारायचं ते हेच की दिवा कुठे लावला होता आणि त्याचा उजेड कुठवर पोचत होता.

हा उजेड पहिल्यांदा सरहद्दीवर थांबतो. काकूंच्या मुलीने मधली दोन वर्षं सौदीत काढली होती, त्यामुळे तिला तिथल्या पोलिसांचाही दाखला आणावा लागला. आरोग्य, शिक्षण, समाजसेवा अशा क्षेत्रांतल्या कामासाठी ब्रिटन मागच्या १० वर्षांत जिथे जिथे १२ महिने किंवा जास्त वास्तव्य झालं त्या प्रत्येक देशाचा दाखला मागतं. ऑस्ट्रेलियाचा हिशेबही १२ महिन्यांचा. कॅनडाला सलग ६ महिने पुरतात. हा चारित्र्याचा दाखला असता तर एकच पुरला असता. माणसाचं चारित्र्य त्याच्याबरोबर विमानात चढतं, पोलिसांची वही मागेच राहते. म्हणून ज्या ज्या देशात वही आहे त्या त्या देशाला विचारावं लागतं.

दुसरी मर्यादा काळाची. अनेक देश सहा महिन्यांहून जुना दाखला घेत नाहीत. जानेवारीत सज्जन असलेला माणूस ऑगस्टमध्ये शंकास्पद होतो असं त्यांना म्हणायचं नाही. वहीत मधल्या काळात नवी ओळ आली का, एवढंच त्यांना पाहायचं असतं.

तिसरी मर्यादा नावाची, आणि ती मी स्वतः पाहिली. त्या तरुणाबरोबर नंतर ठाण्यात गेलो होतो. पासपोर्टचं काम पाहणाऱ्या हवालदारांनी संगणकावर त्याचं नाव घातलं, तर पडद्यावर तीन माणसं आली. नाव एक, आडनाव एक. एकाविरुद्ध मारामारीचा गुन्हा, दुसऱ्याविरुद्ध जुगाराचा, तिसरे आमचे. हवालदारांनी बोटाने पडद्यावर एकेक ओळ दाखवत वडिलांचं नाव, वय, पत्ता जुळवला आणि म्हणाले, "हा तो नाही. हाही नाही. हा, हे तुम्ही." त्या पाच मिनिटांत सगळा कारभार कळला. तिथे कोणी चारित्र्य तपासत नव्हतं. एक माणूस नावांच्या गर्दीतून एक नाव वेगळं काढत होता, आणि तेही शहाणपणाने. तो दमलेला असता, घाईत असता तर?

म्हणूनच अमेरिकेची एफबीआय आणि कॅनडाचे पोलीस असा दाखला देताना बोटांचे ठसे घेतात. यातली गंमत अशी की ठशांवरून माणूस ओळखणारं जगातलं पहिलं कार्यालय १८९७ मध्ये कलकत्त्यात सुरू झालं. त्यामागचं गणित बसवण्यात अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस या दोन भारतीय पोलीस अधिकाऱ्यांचा मोठा वाटा होता. जगाला ठसे देणाऱ्या देशात परदेशाचा दाखला आजही मुख्यतः नाव आणि पत्ता जुळवून निघतो.

या मर्यादांखेरीज एक पुरावा खुद्द परदेशी सरकारांच्या वागणुकीतून मिळतो. संयुक्त अरब अमिरातीने फेब्रुवारी २०१८ मध्ये कामाच्या व्हिसासाठी सद्वर्तनाचा दाखला सक्तीचा केला आणि एप्रिल उजाडताच ती सक्ती स्थगित केली. सौदी अरेबियाने ऑगस्ट २०२२ पासून भारतीयांकडे पीसीसी मागायला सुरुवात केली. गर्दी इतकी उसळली की परराष्ट्र मंत्रालयाने २८ सप्टेंबरपासून पोस्टातल्या पासपोर्ट सेवा केंद्रांतही पीसीसीचे अर्ज घेतले. मग १७ नोव्हेंबरला सौदी दूतावासाने भारतीयांना या अटीतून सूट दिली. रत्नागिरीपासून मालाड-मुंब्र्यापर्यंत आखातात माणूस असलेल्या घरांनी या तीन महिन्यांची धावपळ पाहिली आहे. आता पूर्वपक्षाने सांगावं, भारतीयांचं चारित्र्य ऑगस्टमध्ये बिघडलं आणि नोव्हेंबरमध्ये सुधारलं का? आणखी एक. पर्यटक व्हिसावर जाणाऱ्याला पीसीसी देता येत नाही, असं पासपोर्ट विभाग स्वतःच सांगतो. नोकरी, दीर्घ मुदतीचा व्हिसा, स्थलांतर, एवढ्याचसाठी तो आहे. "फिरायला जायचं तरी पोलिसांचा कागद लागतो" हे ऐकून अर्ज भरायला निघालेल्यांनी हे ध्यानात ठेवावं.

इतक्यावर पूर्वपक्षाचा पहिला भाग संपतो. दुसरा जास्त नुकसान करतो, म्हणून तिथे थोडं थांबायला हवं. "नाव लागलं की परदेश संपला."

परदेशात जाणं ही सरकारची मेहेरबानी नाही. १९६७ मध्ये सतवंतसिंग साहनी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा हक्क व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग मानला. त्याच वर्षी पासपोर्ट कायदा आला तो या निकालामुळेच, कारण कायद्याशिवाय हा हक्क रोखता येईना. १९७८ च्या मनेका गांधी निकालाने त्यावर कळस चढवला. त्यानंतर हक्क रोखणारी पद्धतही न्याय्य आणि वाजवी असावी लागते. पासपोर्ट कायद्याच्या कलम ६(२) मध्ये नकाराची कारणं मोजून दिली आहेत. त्यांतलं एक, अर्जाआधीच्या पाच वर्षांत नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात शिक्षा, आणि तीही किमान दोन वर्षांच्या कैदेची. दुसरं, फौजदारी न्यायालयात प्रलंबित असलेलं प्रकरण. न्यायालयात, ठाण्यात नव्हे. परराष्ट्र मंत्रालयाने ऑक्टोबर २०१९ मध्ये हे आणखी स्पष्ट केलं. नुसता एफआयआर किंवा चालू तपास या कलमात बसत नाही. प्रकरण न्यायालयासमोर जाऊन न्यायालयाने त्याची दखल घेतली, तरच ते प्रलंबित. दखल घेतली तरी दार बंद होत नाही. १९९३ च्या अधिसूचनेनुसार त्या न्यायालयाने देशाबाहेर जायला परवानगी दिली तर पासपोर्ट मिळतो. हे नियम पासपोर्टचे, पीसीसीचे नव्हेत, असा आक्षेप कोणी घेईल. तो रास्त आहे. पण पीसीसी प्रवासाच्या सवलतींबद्दलच बोलतो, मग त्याची कसोटी पासपोर्टच्या कायद्यापेक्षा कडक असण्याचं कारण काय? दिल्ली उच्च न्यायालयानेही २०२५ मध्ये याच दिशेने निकाल दिला. एफआयआर नोंदला गेला एवढ्यावरून कुणाला परदेशातल्या दीर्घकाळच्या संधीसाठी अपात्र ठरवता येत नाही.

महाराष्ट्रात राहणाऱ्याला तर पोलिसी नोंदीच्या पायऱ्या पाठच हव्यात. शेजाऱ्याशी बाचाबाची झाली आणि 'एनसी' झाली, तर तो अदखलपात्र गुन्हा. न्यायालयाच्या आदेशाशिवाय पोलीस त्याचा तपासही करत नाहीत. एफआयआर म्हणजे कुणीतरी दिलेली खबर. तपासाअंती दोषारोपपत्र जातं, किंवा आपल्याकडच्या पोलिसी बोलीत 'समरी' जाते. ए समरी म्हणजे गुन्हा घडला पण आरोपी वा पुरावा मिळाला नाही. बी म्हणजे तक्रार खोटी आणि द्वेषाने केलेली. सी म्हणजे गैरसमजातून किंवा दिवाणी वादातून आलेली. बी समरी झालेल्या प्रकरणातला 'आरोपी' खरं तर खोट्या तक्रारीचा बळी असतो. त्याचं नाव मात्र वहीत असतंच. "नाव लागलं" या एका शब्दप्रयोगात आपण या सगळ्यांना एकाच दावणीला बांधतो, चोरालाही आणि चोरीच्या खोट्या आळात सापडलेल्यालाही.

हे बांधणं किती जुनं आणि किती घातकी आहे, त्याचा इतिहास महाराष्ट्राला वेगळा सांगायला नको. १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा, पुढे १९११ आणि १९२४ मध्ये विस्तारलेला, नेमकं हेच करत होता. पोलिसांच्या यादीत नाव म्हणजे स्वभावात गुन्हा, आणि तोही जन्मतः. सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये माणसं तारेच्या कुंपणाआड राहिली आणि हजेरी देत राहिली. हा कायदा १९५२ मध्ये गेला, पण पारध्याचं पोर आसपास दिसलं की संशयाने पाहणारी नजर गेली नाही. नोंद म्हणजेच चारित्र्य हे समीकरण मान्य करणाऱ्याने ते शेवटी कुठे जातं हेही पाहावं.

यावर पूर्वपक्षाचा शेवटचा बाण असा की, तुमचं ऐकलं तर गुन्हेगारांना मोकळं रान. म्हाताऱ्यांची, लहान मुलांची काळजी घ्यायला येणाऱ्या माणसाबद्दल ब्रिटनने विचारू नये का? जरूर विचारावं. पण विचारणारे देश काय करतात ते पाहा. पीसीसी मागतात आणि त्याशिवाय अर्जातच सरळ प्रश्न घालतात. अमेरिकेचा व्हिसा अर्ज अटक वा शिक्षा कधी झाली होती का हे थेट विचारतो, माफी मिळालेली असली तरी. उत्तर माणसाने स्वतः द्यायचं असतं. कॅनडात खोटी माहिती दिली किंवा खरी लपवली तर पाच वर्षांची बंदी येते. म्हणजे त्यांची कसोटी पोलिसांच्या वहीवर थांबत नाही, माणसाच्या खरेपणापर्यंत जाते. आणि आपली समजूत नेमक्या त्याच ठिकाणी माणसाला खोटं बोलायला लावते. नोंद म्हणजे कलंक मानलं की ती लपवावीशी वाटते. मग एजंट 'व्यवस्था' करतो, अर्जात 'नाही' असं लिहिलं जातं आणि एका फुटकळ प्रकरणापायी माणूस पाच वर्षं गमावतो. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये दिल्ली पोलिसांतल्या भरतीच्या एका प्रकरणात, जुना मिटलेला गुन्हा न सांगणाऱ्या तरुणाला दिलासा दिला आणि निकालात व्हिक्टर ह्यूगोच्या कादंबरीतल्या जाँ वालजाँची आठवण काढली. तरुण वयातल्या चुकीवरून सबंध आयुष्य मापू नये हा त्याचा आशय. न्यायालय इतकं उदार होऊ शकतं. व्हिसा अधिकाऱ्याकडून त्या उदारपणाची अपेक्षा धरू नये.

आता मंडन. पीसीसी निरुपयोगी आहे असं माझं म्हणणं नाही. एका राज्याने आपल्या नोंदींपुरतं खरं सांगणं ही दुसऱ्या राज्याची आणि प्रवाशाची, दोघांची सेवा आहे. अट एवढीच की त्याने तेवढंच सांगावं, आणि पुरतं सांगावं. ब्रिटनच्या दाखल्यात याची एक रीत दिसते. काहीच नोंद नसेल तर तिथे एक शेरा येतो. जुनी नोंद आहे पण आता सांगण्याजोगी उरली नाही, तर दुसरा. वाचणाऱ्याला फरक कळतो आणि माणसावर शिक्का बसत नाही. आपल्याकडे केरळने एक पाऊल टाकलं. परदेशासाठी सद्वर्तनाचा दाखला देण्याचा अधिकार राज्य पोलिसांना नाही, असं तिथल्या उच्च न्यायालयाने सांगितल्यावर २०२२ मध्ये केरळ पोलिसांनी राज्यातल्या कामांसाठी 'गुन्ह्यात सहभाग नसल्याचा दाखला' असं नाव घेतलं. साधं, कोरडं, खरं नाव. महाराष्ट्रानेही आपल्या प्रमाणपत्रातला 'चारित्र्य' हा शब्द काढून 'गुन्हे नोंद' असा शब्द घालावा. जिथे नोंद आहे तिथे ती कोणत्या पायरीवर आहे, एनसी, तपास, समरी, दोषारोपपत्र की निकाल, हे लिहावं. आणि नकार द्यायचा असेल तर तो कारणासह लेखी द्यावा. यासाठी संसदेला कष्ट द्यावे लागणार नाहीत, एक परिपत्रक पुरेल.

तोवर ज्यांचं नाव कुठे लागलं आहे त्यांना सांगणं इतकंच. प्रकरण मिटलं, मागे घेतलं गेलं, समरी मंजूर झाली किंवा निर्दोष सुटलात, तर न्यायालयातून त्या आदेशाची नक्कल काढा आणि ठाण्यात देऊन पोच घ्या. वही आपण होऊन सुधारत नाही. अर्जात जे विचारलं आहे त्याचं खरं उत्तर लिहा आणि नक्कल जोडा. अर्ज न करणं हा कुठल्याही कायद्यातला उपाय नाही.

आमच्या वरच्या मजल्यावरच्या तरुणाचं प्रकरण लॉकडाऊनचे गुन्हे मागे घेण्याच्या सरकारी धोरणात केव्हाच निकाली निघालं होतं. त्याला पत्ताच नव्हता. नक्कल दिली, हवालदारांनी नोंद दुरुस्त केली, पीसीसी आला. कुवेतची ती जागा तोवर दुसऱ्याने घेतली होती.